रेनाटेबाईंची एकोणीस मिनिटं

आमच्या शेजारच्या रेनाटेबाई "केक केलाय, घेऊन जा" असं साधं वाक्य कधी बोलत नाहीत. कुंपणापाशी येतात, मान किंचित डावीकडे झुकवतात आणि म्हणतात, "आणि आता, थोड्याच वेळात, तुमच्या भेटीला येत आहे प्लमचा केक. कुठेही जाऊ नका." मग स्वतःच आत निघून जातात, आणि आपण हातात जे असेल ते घेऊन तिथेच उभे राहतो. वेलिंग्टनजवळ अप्पर हटच्या या घरात आम्ही राहायला आलो, त्या पहिल्याच शनिवारी त्यांनी मला असं उभं केलं होतं. सामान खोक्यांत होतं, कुकर सापडत नव्हता, नवरा इंटरनेटवाल्याशी फोनवर हुज्जत घालत होता, आणि ही उंच, पांढऱ्या केसांची बाई मला आठवड्याचे कार्यक्रम सांगत होती. सोमवारी कचऱ्याचे डबे बाहेर, बुधवारी दक्षिणेकडचा वारा, तेव्हा कपडे वाळत घालायचे ते मंगळवारीच. मला वाटलं, म्हातारीचं डोकं जरा फिरलंय. दहा मिनिटांनी केक आला तेव्हा मी ते मत मागे घेतलं.

आमचं बोलणं सगळं इंग्रजीत. इंग्रजीत काय, लहानथोर सगळे 'यू'च. पण माझ्या मनात त्या पहिल्या दिवसापासून अहोजाहोतल्या, आणि मी त्यांच्या तोंडी घातलेलं मराठी माझ्या मनातलंच आहे. माझी मुलगी ईरा त्यांना रेनाटेआजी म्हणते. ईराच्या तोंडून बाहेर पडणाऱ्या मोजक्या मराठी शब्दांपैकी 'आजी' हा एक, आणि तो एका जर्मन बाईच्या वाट्याला आला, याचं पुण्यातल्या तिच्या सख्ख्या आजीला अजून थोडं वाईट वाटतं.

त्या कधीकाळी टीव्हीवर होत्या हे कळायला मला तीन महिने लागले. फेइजोआचा मोसम होता. इथे त्या दिवसांत प्रत्येकाच्या झाडाला ही हिरवी फळं इतकी लागतात की लोक एकमेकांच्या दारात बादल्या ठेवून पळून जातात. आम्ही दोघी त्यांच्या स्वयंपाकघरात फळं कापत बसलो होतो. त्यांच्या डाव्या अंगठ्यावर एक आडवी खूण दिसली म्हणून मी विचारलं.

"ही? ही साडेतीन लाख लोकांसमोर झाली," त्या म्हणाल्या. मग जरा थांबून म्हणाल्या, "असं आमचा मालक सांगायचा. मोजायला कोण गेलं होतं?"

चाळीस वर्षांपूर्वी त्यांच्या देशात टीव्ही म्हणजे सरकारी टीव्ही. त्यावरच्या निवेदिका शाळेच्या मुख्याध्यापिकेसारख्या ताठ बसायच्या. मग खाजगी वाहिन्या निघाल्या. आपल्याकडे पुढे केबल आली तेव्हा जो गोंधळ आणि जी मजा झाली, तीच तिथे आधी झाली. रेनाटेबाईंच्या वाहिनीचा स्टुडिओ होता एका गालिच्यांच्या दुकानाच्या तळघरात. माणसं नऊ, कॅमेरे दोन, आणि त्यातला एक बहुधा रुसलेला. बाई सकाळी गुड मॉर्निंग म्हणायच्या, दुपारी पाककृती दाखवायच्या, फोनवर कोडी घालून इस्त्र्या वाटायच्या, संध्याकाळी हवामान सांगायच्या आणि मधल्या वेळात जाहिरातीही स्वतःच करायच्या. जॅकेटं तीन. माणूस एकच आहे हे लोकांना कळू नये म्हणून मालकाने त्यांना एकदा हवामानापुरता चष्मा लावायला सांगितला होता.

एकदा हवामानाचा नकाशा भिंतीवरून निसटला, तो त्यांनी पाठीने रेटून धरला आणि उत्तरेतला पाऊस स्वतःच्या कानामागे दाखवला. आणि भाजी चिरायच्या यंत्राच्या जाहिरातीत अंगठा कापला, तेव्हा तो गाजराआड लपवून त्या शेवटपर्यंत हसत राहिल्या. "यंत्र उत्तम होतं," त्या मला म्हणाल्या. "त्याचा पुरावा माझ्या अंगावर आहे."

त्या काळाने त्यांना काही सवयी लावल्या त्या कायमच्या. त्या निरोप घेत नाहीत. तशी शिकवणच होती: बघणाऱ्याला 'अच्छा' म्हणालात की तो उठून दुसरी वाहिनी लावतो; म्हणून पुढे काय आहे ते सांगायचं आणि गप्प व्हायचं. आमच्या घरून निघताना त्या म्हणतात, "यानंतर, माझ्या घरी, सूप." झालं, गेल्या. त्यांचा नवरा कॉलिन वारला, तेव्हा स्मशानभूमीतही त्यांनी हेच केलं म्हणे. शवपेटीशी वाकून म्हणाल्या, "यानंतर मी घरी जाऊन कोंबड्यांना दाणे घालणार आहे." हे मला सांगताना त्या रडल्या नाहीत, पण मी रडले. कॉलिन हा इथला लोकरीच्या यंत्रांचा माणूस. जर्मनीत एका प्रदर्शनाला गेला आणि यंत्राऐवजी निवेदिका घेऊन आला. "त्याला माझ्या एकाही कार्यक्रमातला शब्द कळला नव्हता," बाई म्हणायच्या, "म्हणून लग्न टिकलं."

दुसरी सवय वेळेची. घड्याळ त्या घालत नाहीत. सेकंद म्हणे त्यांना पोटात कळतात. अंडं उकडायला ठेवतात आणि शेजारी उभं राहून कुणाबद्दल तरी बोलायला लागतात, गोष्ट संपते तेव्हा अंडं झालेलं असतं. मी एकदा चोरून मोबाइल लावून बघितला. साडेसहा मिनिटांत चार सेकंदांची चूक.

ईराच्या शाळेत भाषणाची स्पर्धा होती तेव्हा मी तिला त्यांच्याकडे पाठवलं. मी पाठांतराच्या शाळेतली. माझ्या मते भाषण म्हणजे आरशासमोर उभं राहून घोकायचं. बाईंनी ईराचा कागद घेऊन चुलीत घातला. त्यांच्याकडे लाकडाची शेगडी आहे, त्यामुळे हे शब्दशः खरं आहे.

"लोकांशी बोलू नकोस," त्या तिला म्हणाल्या. "लोक नावाचं कुणी नसतं. मी नेहमी एका बाईशी बोलायचे. ती इस्त्री करत होती. तिचे पाय दुखत होते. तिच्याकडे दोन मिनिटं आहेत, तिला काय सांगशील?"

ईराचा नंबर आला नाही. पण घरी येऊन ती म्हणाली, "आई, आय वॉजन्ट इव्हन स्केअर्ड. आय जस्ट टॉक्ड टू द आयर्निंग लेडी." त्यानंतरच्या सोमवारी वेलिंग्टनच्या ऑफिसात पुलाच्या दुरुस्तीचा अहवाल मांडताना मीसुद्धा त्या इस्त्रीवालीशीच बोलले. माझा साहेब म्हणाला, आज प्रथमच सगळं समजलं. राग येण्यासारखंच वाक्य होतं, पण मी ते कौतुक म्हणून घेतलं.

आमच्या मंडळाच्या गणपतीला त्या दरवर्षी येतात आणि पहिल्या रांगेत बसतात. मराठीचं अक्षर कळत नाही, पण सूत्रसंचालन करणाऱ्या कुलकर्णीकाकांवर त्यांची नजर असते. पहिल्या वर्षी मला कोपराने ढोसून म्हणाल्या, "हा माणूस एक शब्द सारखा म्हणतो. वे-ळे-अ-भावी. काय आहे ते?"

"वेळ कमी आहे म्हणून," मी म्हणाले.

"पण तो वेळ कमी आहे हे सांगण्यातच सगळा वेळ घालवतो."

हे मी काकांना सांगितलं नाही. बाईंनी स्वतःच सांगितलं, चहाच्या वेळी, बटाटेवडा खात. काका दोन दिवस फुगले आणि पुढच्या वर्षी खरंच सुधारले. म्हणजे, थोडे.

आता त्या एकोणीस मिनिटांकडे येते. ही गोष्ट बाईंनी मला किमान वीस वेळा सांगितली असेल, आणि गल्लीत, डेअरीवाल्याकडे, वाचनालयात, ज्याला कान आहेत त्याला सांगितली होती. एका शनिवारी संध्याकाळी वाहिनीवर सिनेमा लागायचा होता. सिनेमाची टेप घेऊन येणारा माणूस बर्फात अडकला. आठ वाजले, टेप नाही. कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या डीटरने कार्डावर एकच शब्द लिहून वर धरला: बोल. आणि त्या बोलल्या. जाहिराती संपल्या होत्या, गाणं नव्हतं, पाहुणा नव्हता. इलॅस्टिकची चादर घडी कशी घालायची ते त्यांनी सांगितलं, त्यांच्या आजीच्या बटणांच्या डब्याबद्दल सांगितलं, बर्फात अडकलेल्या त्या माणसाला धीर दिला. एकोणीस मिनिटं. पुढचे कित्येक दिवस बेकरीत लोक त्यांना रांगेतून पुढे जाऊ देत होते.

पुढे वाहिनी एका मोठ्या वाहिनीने गिळली. नव्या पोरी आल्या, मग निवेदिका ही जातच संपली. आणि त्यांच्या कार्यक्रमांचं एकही चित्रीकरण उरलं नाही, कारण टेप महाग, म्हणून एकावर दुसरं, दुसऱ्यावर तिसरं चढवायचे. चार वर्षं एक बाई रोज लोकांच्या घरात जात होती, आणि त्याचा पुरावा म्हणून उरली अंगठ्यावरची खूण आणि ही एकोणीस मिनिटं. ती त्यांची पदवी होती, पदक होतं, सगळं होतं. "मी सुंदर नव्हते," त्या म्हणायच्या, "पण त्या दिवशी मी चांगली होते."

गेल्या ऑक्टोबरमध्ये त्यांना एक ईमेल आला. जर्मनीतल्या एका निवृत्त गृहस्थाने त्या शनिवारी सिनेमा टेप करायचा म्हणून व्हीसीआर आठ वाजता लावून ठेवला होता. सिनेमाऐवजी सुरुवातीला रेनाटेबाई टेप झाल्या. आता त्याच्या मुलाने माळ्यावरच्या टेपा संगणकावर उतरवताना हे पाहिलं, आणि विचारत विचारत बाईंचा पत्ता काढला. फाइल सोबत जोडली होती. बाईंच्या जुन्या लॅपटॉपवर ती उघडेना, म्हणून त्या आमच्याकडे आल्या, आणि दुर्दैवाने मी बाहेर होते. घरात गिरीश होता.

गिरीश मंडळाचा सेक्रेटरी आहे. नवरा म्हणून चांगला आहे. पण मराठी माणसाच्या हाती एखादा प्रसिद्ध माणूस लागला की त्याला शाल पांघरल्याशिवाय तो सोडत नाही. फाइल उतरवून होईपर्यंत गिरीशने समितीला मेसेज टाकला होता. दिवाळीच्या कार्यक्रमात सत्कार, शाल, श्रीफळ, आणि मोठ्या पडद्यावर 'ऐतिहासिक एकोणीस मिनिटं'. संध्याकाळपर्यंत कार्ड तयार. बाईंचा फोटो, मागे झेंडूचं तोरण, आणि त्यात मोठ्या आकड्यात १९. ती फाइल कुणी उघडून बघितली होती का? नाही. गिरीशनेही नाही, बाईंनीही नाही. आणि मला तोंड वर करून बोलायला जागा नाही, कारण शाल मीच निवडली.

"हेप्स लोक येणारेत, ढिगाने!" गिरीश खुशीत म्हणाला. "टाकानिनीहून माझा मावसभाऊसुद्धा येतोय, आठ तास गाडी चालवून!"

कार्यक्रमाच्या दोन दिवस आधी, दुपारी, बाई दारात आल्या. केकची घोषणा नाही, काही नाही. हातात पेन ड्राइव्ह.

"आधी आपण दोघी बघू," त्या म्हणाल्या. "चाळीस वर्षं मी लोकांना सांगत आलेय की मी चांगली होते. नसले तर?"

मी लावलं. पडद्यावर मुंग्या आल्या, मग निळं जॅकेट घातलेली एक मुलगी. सत्तावीस वर्षांची. मला जर्मन येत नाही, पण भीती कळायला भाषा लागत नाही. तिच्या गळ्यावर लाल चट्टे उठले होते. हसू चेहऱ्यावर ठेवल्यासारखं होतं. ती सारखी डावीकडे बघत होती, डीटरकडे.

"काय म्हणतेय?" मी विचारलं.

"सिनेमा लवकरच सुरू होईल," बाई म्हणाल्या. मग, "सिनेमा लवकरच सुरू होईल." मग थोड्या वेळाने, "पुन्हा तेच."

मग चादरीची घडी आली, पण हातात चादर नव्हती, नुसते हात हवेत फिरले. बटणांच्या डब्याची गोष्ट सुरू झाली आणि मध्येच तुटली. मग एकदम एक जहाज आलं, संगीत आलं. सिनेमा सुरू झाला होता.

खाली आकडा होता पाच मिनिटं दहा सेकंद.

बाईंनी मला पुन्हा लावायला सांगितलं. या वेळी त्या पडद्याकडे बघतच नव्हत्या, आकड्याकडे बघत होत्या. संपल्यावर म्हणाल्या, "एकोणीस मला कुणी सांगितलं? कुणीच नाही. मीच." सेकंद पोटात कळणारी बाई, आणि आयुष्यातले सगळ्यात महत्त्वाचे सेकंद मोजायला चुकली होती. मला भयंकर अपराधी वाटलं.

"मी गिरीशला सांगते," मी म्हणाले. "प्रोजेक्टर बंद पडला म्हणून सांगू. आमच्याकडे तो तसाही दरवर्षी पडतो, कुणाला संशय येणार नाही."

त्या किंचित हसल्या, पेन ड्राइव्ह काढून घेतला आणि गेल्या. यानंतर काय आहे ते न सांगता गेल्या. दुसऱ्या दिवशी बागेतही दिसल्या नाहीत. कोंबड्यांना दाणे घातलेले होते, एवढंच. आपल्या हौसेपायी आपण एका बाईचं जवळ होतं नव्हतं ते काढून घेतलं, असं मला राहून राहून वाटत होतं.

शनिवारी दुपारी हॉल भरला. बाई वेळेवर आल्या, निळं जॅकेट घालून. ते जुनं नव्हतं, पण निळं होतं. पेन ड्राइव्ह त्यांनी सरळ गिरीशच्या हातात दिला. मी त्याला डोळ्यांनी खुणा करत होते. एवढ्या वर्षांच्या संसारात त्याला माझी एक खूण कळलेली नाही. कुलकर्णीकाकांनी 'वेळेअभावी' म्हणत परिचय करून दिला, शाल पांघरली गेली, नारळ हातात आला. गिरीश लॅपटॉपवर वाकला, तेवढ्यात बाईंनी काकांच्या हातून माइक घेतला.

"किया ओरा. नमस्कार," त्या म्हणाल्या. "तुमच्यातल्या पुष्कळांना मी एकोणीस मिनिटांची गोष्ट सांगितली आहे. परवा मी ती टेप पाहिली. पाच मिनिटं दहा सेकंद. चाळीस वर्षं मी चुकीचं सांगत होते. पण या लोकांनी कार्डावर एकोणीस छापलंय, आणि ते माझ्याशी फार चांगले वागतात. त्यांचं कार्ड खोटं पडायला नको. उरलेली मिनिटं मी आत्ता करते."

मग त्या बोलायला लागल्या. कागद नाही, काही नाही. नाशिकहून मुलाकडे आलेल्या एक आजी तिसऱ्या रांगेत स्वेटर घालून बसल्या होत्या. त्यांना ना इंग्रजी येत होतं ना जर्मन. बाई त्यांच्याशीच बोलत होत्या. या गावातला पहिला हिवाळा कसा गेला ते सांगितलं. गवतावरचं दव गोठलेलं असताना कॉलिन जँडल, म्हणजे नुसत्या रबरी सपाता, घालून बाहेर जायचा, तेव्हा हा माणूस वेडा आहे हे लग्नानंतर कळलं, ते सांगितलं. इथे कुणी 'मस्त' या अर्थाने नुसतंच 'स्वीट ॲज' म्हटल्यावर त्या वर्षभर पुढच्या शब्दाची वाट बघायच्या, ते सांगितलं. गालिच्यांच्या तळघरातला वास सांगितला, आणि डीटर. कार्डावर 'बोल' लिहिणारा डीटर त्या दिवशी स्वतःच रडकुंडीला आला होता. बटणांच्या डब्याची गोष्ट त्यांनी या वेळी पूर्ण केली. नाशिकच्या आजी मान डोलावत होत्या, पोरंटोरं फोन खाली ठेवून ऐकत होती. गिरीशने मोबाइलवर वेळ लावली होती. चौदा मिनिटं झाली, पंधरा झाली, सतरा झाली, बाई आपल्या बोलतच होत्या. कुलकर्णीकाका हातात पुढच्या कार्यक्रमाची चिठ्ठी घेऊन उभे होते आणि त्यांचीसुद्धा तोंड उघडायची हिंमत झाली नाही.

शेवटी त्या म्हणाल्या, "आता तिला लावा. सत्तावीस वर्षांची आहे, एकटी आहे, फार घाबरली आहे. तुम्ही जरा सांभाळून घ्या." आणि खाली येऊन माझ्या शेजारी बसल्या.

दिवे मंद झाले. मोठ्या पडद्यावर ते लाल चट्टे आणखी मोठे दिसत होते. दोनशे माणसं होती, जर्मन एकालाही येत नव्हतं, पण सगळा हॉल त्या मुलीसाठी श्वास धरून बसला होता. तिचे हात हवेत चादरीची घडी घालायला लागले तेव्हा मागून एक बाई हळूच म्हणाली, "जमतंय गं, जमतंय." मला रडू आवरेना. माझा हात रेनाटेबाईंनी घट्ट धरला होता.

रेनाटेबाई आजही शेजारी आहेत, कालच त्यांच्याकडची लिंबं आली. पण त्यांचं नाव निघालं की माझ्या डोळ्यांसमोर येतात त्या त्या दिवशीच्या. पडद्यावर जहाज आलं, आणि हॉलमधली पहिली टाळी त्यांची होती. नारळ काखेत दाबून, शाल एका खांद्यावरून खाली लोंबत असताना त्या उभ्या राहिल्या होत्या. त्यांच्यामागोमाग सगळा हॉल उभा राहिला, पण त्यांनी वळून पाहिलं नाही. ती मुलगी पडद्यावरून केव्हाच गेली होती, तरी त्या तिच्यासाठी टाळ्या वाजवत होत्या.